दावा ‘लवकर निकाली काढा’ : हायकोर्टाच्या आदेशाबद्दल माझा अभिप्राय

२०२२ साली मी मुंबई हायकोर्टातून दीड पानाचा एक आदेश आणला. आमचा वाटपाचा दावा तालुक्याच्या दिवाणी कोर्टानं शक्यतो नऊ महिन्यांत निकाली काढावा, एवढंच त्यात लिहिलं होतं. त्यापायी ३४,००० रुपये गेले आणि मुंबईच्या तीन फेऱ्या झाल्या. तेव्हापासून ओळखीच्या, ओळखीच्यांच्या ओळखीच्या बायका फोन करून एकच विचारतात, “बाई, तसला आदेश आणल्यावर खरंच काम होतं का?” मी जिल्हा परिषदेच्या शाळेत एकतीस वर्षं शिकवलं, तेच ते सांगण्याचा कंटाळा मला नाही. पण फोनवर अर्धं सांगायचं राहून जातं, म्हणून एकदा सगळं लिहून ठेवते.

आधी दावा काय होता ते सांगते, नाहीतर उशीर कशाचा झाला ते कळणार नाही. वडिलोपार्जित आठ एकर जमीन, त्यात एक विहीर. आम्ही दोन बहिणी, दोन भाऊ. वडील २००३ साली गेले. २०१० मध्ये थोरल्या दादानं हक्कसोडपत्राचा कागद पुढं केला. साडीचोळी करू, दिवाळीला येत जा, सही कर. धाकटीनं माझ्याकडं बघितलं आणि मी पेन खाली ठेवलं. जून २०११ मध्ये आम्ही दावा लावला. मिळकतीच्या दाव्यात महिलांना महाराष्ट्रात १९९४ पासून कोर्ट फी माफ आहे, त्यामुळं सुरुवातीचा खर्च वकिलांच्या फीपुरताच होता. त्या वर्षीपासून राखीपौर्णिमेला मी माहेरी गेले नाही. हा खर्च कुठल्या पावतीवर येत नाही, पण दाव्याला एकेक वर्ष वाढत जातं तसा तो वाढतो, म्हणून इथं लिहिते.

वाद कायद्याचा होता आणि तो आमच्या हातात नव्हता. ९ सप्टेंबर २००५ पासून मुलीला मुलाइतकाच जन्मजात हक्क मिळाला. पण त्या दिवशी वडील हयात असायला हवेत का, याचं उत्तर सर्वोच्च न्यायालयातून दोन तऱ्हेनं येत होतं. २०१५ च्या फुलवती प्रकरणात ‘हो, हयात हवेत’ असं आलं. २०१८ च्या दानम्मा प्रकरणात वडील २००१ सालीच गेलेले असूनही मुलींना हिस्सा मिळाला. आमची आई २०१७ साली गेली. त्यानंतर हिशोब असा होता : एक अर्थ लावला तर मला अष्टमांश, दुसरा लावला तर चतुर्थांश. म्हणजे एक एकर की दोन एकर. एवढ्या एका प्रश्नावर समोरचे वकील वर्षानुवर्षं म्हणत राहिले, वरचा निकाल स्पष्ट होऊ द्या. कोर्टही थांबत राहिलं.

११ ऑगस्ट २०२० ला विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा या प्रकरणात तीन न्यायमूर्तींच्या पीठानं प्रश्न मिटवला. हक्क जन्मानं येतो, वडील २००५ मध्ये हयात असण्याची गरज नाही. मी निकालाची प्रत धाकटीच्या मुलाकडून छापून घेतली आणि पेन्सिल घेऊन वाचली. अगदी शेवटाकडं जे होतं ते वाचून रात्री झोप लागली नाही. या प्रश्नावरचे दावे आणि अपिलं परस्परविरोधी निकालांमुळं आधीच रखडली आहेत, मुलींना त्यांच्या समान हक्कापासून वंचित ठेवता येणार नाही, म्हणून प्रलंबित प्रकरणं शक्यतो सहा महिन्यांत निकाली काढावीत, अशी विनंती देशभरातल्या न्यायालयांना केली होती. मला वाटलं, हे आमच्याबद्दलच लिहिलंय.

वकीलसाहेबांनी ती प्रत पुरसिससोबत, म्हणजे कोर्टाला दिलेल्या लेखी निवेदनासोबत, दाखल केली. तिला निशाणी नंबर पडला, ती फाईलीत गेली, आणि फाईल कपाटात गेली. कोविडचे दिवस होते, कोर्ट कधी चालू कधी बंद. पण सहा महिने गेले, बारा गेले, अठरा गेले. कोर्टं पूर्ण चालू झाली तरी आमच्या तारखा दीड-दोन महिन्यांच्याच पडत राहिल्या. दिल्लीतून सगळ्यांना उद्देशून केलेली विनंती आमच्या तालुक्यात कोणालाच उद्देशून नव्हती. ती कोणी पाळली की नाही हे तपासणारं कोणी नव्हतं. हायकोर्टाचा आदेश तिच्याहून वेगळा ठरला तो याच ठिकाणी. त्याच्यावर दाव्याचा नंबर असतो, कोर्टाचं नाव असतं, मुदत असते.

मार्ग असा : भारतीय संविधानाच्या अनुच्छेद २२७ प्रमाणे हायकोर्टाला खालच्या कोर्टांवर देखरेखीचा अधिकार आहे. त्याखाली रिट याचिका करायची आणि दावा कालबद्ध चालवण्याचा आदेश मागायचा. मुंबईच्या वकिलांनी पहिल्याच भेटीत विचारलं, “रोजनामा आहे का?” रोजनामा म्हणजे कोणत्या तारखेला काय झालं याची कोर्टातली नोंद. ती माझ्याकडं नव्हती. परत आले, नक्कल विभागात अर्ज दिला आणि अकरा वर्षांच्या रोजनाम्याच्या सहीशिक्क्याच्या नकला काढल्या.

ही पानं घरी आली त्या आठवड्यात मी दुसरं काही केलं नाही. शाळेतली जुनी हजेरीची वही घेतली, रकाने पाडले आणि जून २०११ ते मे २०२२ पर्यंतची प्रत्येक तारीख त्यात लिहिली. एकूण तारखा १३१. प्रतिवादींनी मागितलेल्या मुदती, म्हणजे आज नको पुढची तारीख द्या असे अर्ज, ४३. आमच्याच बाजूनं मागितलेल्या ११, हे लिहिताना हात थांबला, पण लिहिलं. न्यायाधीश रजेवर किंवा जागा रिकामी २७. बोर्डावर, म्हणजे त्या दिवसाच्या प्रकरणांच्या यादीत, आमचा नंबर येईपर्यंत वेळ संपला, त्या २४. कोविडमध्ये गेल्या ९. वकिलांचं काम बंद होतं, त्या ३. ज्या दिवशी दाव्यात खरोखर काही घडलं, अशा तारखा १४.

ज्यांना हा आदेश आणायचा आहे त्यांनी आधी ही वही करावी असं माझं आग्रहाचं सांगणं आहे. एक म्हणजे याचिकेत नुसतं ‘फार उशीर झाला’ म्हणण्यापेक्षा हा तक्ता जास्त बोलतो. दुसरं, आपली समजूत दुरुस्त होते. मी दहा वर्षं मानत होते की सगळा दोष भावांचा. वहीत दिसलं की तेवढाच मोठा भाग कोर्टात माणूस नसण्याचा आणि वेळ नसण्याचा आहे. आमच्या त्या कोर्टात एकाच न्यायाधीशांपुढं एका दिवसाच्या बोर्डावर साठ-सत्तर प्रकरणं मी मोजली आहेत. विधी आयोगानं १९८७ मध्येच दर दहा लाख लोकसंख्येमागं ५० न्यायाधीश हवेत असं सांगितलं होतं. आज मंजूर पदं धरली तरी हा आकडा एकविसाच्या आसपासच आहे. आणि ते अकरा वाया गेलेले दिवस आमचे. त्यातले चार तर मी शाळेची परीक्षा म्हणून गेले नाही त्याचे.

कायदा मात्र मोकळा सोडून दिलेला नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ‘आदेश १७’ या भागात सुनावणीच्या काळात एका पक्षाला तीनपेक्षा जास्त मुदती देऊ नयेत असं आहे. वकील दुसऱ्या कोर्टात गुंतले आहेत हे कारण मुदतीला चालत नाही, असंही त्यातच आहे. कैफियत, म्हणजे प्रतिवादीचं लेखी उत्तर, तीस दिवसांत, फार तर नव्वद दिवसांत द्यायची. आमच्या भावांची कैफियत चौदा महिन्यांनी ५०० रुपये खर्च भरून दाखल झाली. नव्वद दिवसांची मर्यादा सामान्य दाव्यात अगदी बंधनकारक नाही, असं सर्वोच्च न्यायालयानंच २००५ मध्ये म्हटलेलं आहे. अपवाद म्हणून दिलेली सवलत खाली येईपर्यंत रोजची रीत होऊन जाते.

हायकोर्टाबद्दल. तेव्हा कोल्हापूरचं सर्किट बेंच, म्हणजे हायकोर्टाचं तिथं बसणारं पीठ, नव्हतं. रात्रीची एसटी, पहाटे मुंबई, एका लांबच्या भाचीकडं अंघोळ, आणि फोर्टातली ती १८७८ सालची दगडी इमारत. गेटवर पास, वर जाताना दगडी जिने, लाकडी बाकं. पहिल्या तारखेला प्रतिवादींना नोटीस निघाली. दुसऱ्या तारखेला धाकट्या भावाचे वकील आले नाहीत. तिसऱ्या तारखेला आमचा नंबर दुपारी पुकारला आणि सगळं मिळून पाच-सहा मिनिटांत झालं. न्यायमूर्तींनी आमच्या वकिलांचा तारखांचा तक्ता वर-खाली बघितला, समोरच्या वकिलांना विचारलं, दावा लवकर चालायला तुमची हरकत काय? हरकत आहे असं कोण म्हणणार. तिथंच आदेश सांगितला गेला. दावा शक्यतो नऊ महिन्यांत निकाली काढावा, दोन्ही पक्षांनी विनाकारण मुदती मागू नयेत, दाव्याच्या गुणदोषांवर आम्ही काहीही मत व्यक्त केलेलं नाही.

शेवटचं वाक्य ऐकून माझ्या बहिणीचा चेहरा पडला. तिला वाटलं होतं आज निकालाचं काहीतरी कळेल. म्हणून जाणाऱ्यांनी हे पक्कं लक्षात ठेवावं : या आदेशानं तुम्ही जिंकत नाही, हरतही नाही. फक्त दावा चालतो. बाहेर आल्यावर आम्ही दोघींनी चर्चगेटकडं जाताना रस्त्याकडेला उभं राहून वडापाव खाल्ला आणि मग मात्र ती रडली. अकरा वर्षांत पहिल्यांदा कोणीतरी आमच्या तारखा वाचल्या होत्या.

याचिका जून २०२२ मध्ये दाखल केली, आदेश ऑक्टोबरात मिळाला. चार महिने. वकिलांची फी, टायपिंग, नकला, प्रवास सगळं धरून ३४,००० रुपये. पेन्शनवर जगणाऱ्या बाईला ही रक्कम लहान नाही. नंतर कळलं की विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ च्या कलम १२ प्रमाणे कोणत्याही महिलेला, उत्पन्नाची अट न लावता, मोफत वकील मिळू शकतो, आणि हायकोर्टाचीही विधी सेवा समिती आहे. मला हे आधी कोणी सांगितलं नाही. मी सांगते आहे. आधी तिथं अर्ज करा.

आता तालुक्यात आदेश आल्यावर काय झालं. बेंच क्लार्कनी फाईलीच्या वरच्या पानावर लाल पेनानं ‘हायकोर्ट, टाइम बाउंड’ लिहिलं. ती फाईल कपाटाच्या वेगळ्या कप्प्यात गेली. हे वरवरचं वाटेल, पण पुकाऱ्याच्या वेळी ती फाईल टेबलावर वरती असायची आणि त्यानं फरक पडत होता.

खरा फरक पाडला तो तिथल्या न्यायाधीश मॅडमनी. नोव्हेंबरातल्या पहिल्याच तारखेला त्यांनी दोन्ही वकिलांना समोर बोलावलं आणि म्हणाल्या, डायऱ्या काढा. मग एकेक टप्पा धरून तारखा ठरल्या. आमच्या सरतपासाचं शपथपत्र, म्हणजे आमची स्वतःची साक्ष लेखी, आठ दिवसांत. माझा उलटतपास सलग तीन दिवस, त्या तिन्ही तारखा तिथंच नक्की. मग दुसरा साक्षीदार. मग प्रतिवादींची शपथपत्रं, त्यांचे उलटतपास, युक्तिवाद. हे सगळं रोजनाम्यात लिहिलं आणि दोन्ही वकिलांच्या सह्या घेतल्या. मी बाकावर बसून बघत होते. शाळेत जूनमध्ये वेळापत्रक भिंतीवर लागलं की पोरांनाच काय, आम्हा शिक्षकांनाही शिस्त लागते. तसंच झालं. हायकोर्टानं नऊ महिने दिले होते, पण ते नऊ महिने कशात घालवायचे हे या एका पानानं ठरवलं. नुसता आदेश असता आणि हे पान नसतं, तर आठवा महिना लागेपर्यंत फाईल तशीच फिरली असती. माझ्या ओळखीच्या एका बाईंच्या बाबतीत नेमकं तसं झालंय. त्यांच्याही दाव्याला मुदत घालून दिली होती, टप्पे कोणी ठरवले नाहीत, मुदत संपली, वाढवून घेतली, पुन्हा संपली.

उलटतपासाचे ते तीन दिवस मी विसरणार नाही. पहिल्या दिवशी विचारलं, तुमच्या लग्नात वडिलांनी किती तोळे सोनं घातलं? १९८६ चं लग्न, चार तोळे. लग्नाचा खर्च कोणी केला? शिक्षण कोणी केलं? माझं डी.एड. वडिलांनी केलं, हे मी सांगितलं, अभिमानानं सांगितलं. दुसऱ्या दिवशी सकाळी समोरच्या वकिलांच्या ज्युनिअरनी मुदतीचा अर्ज दिला, साहेब जिल्हा कोर्टात आहेत म्हणून. मॅडमनी अर्ज वाचला, आदेश १७ चं नाव घेतलं, हायकोर्टाच्या आदेशाचं नाव घेतलं, आणि अर्ज नामंजूर केला. साहेब दीड वाजता आले. अकरा वर्षांत असा अर्ज नामंजूर झालेला मी पहिल्यांदा बघितला. तिसऱ्या दिवशी १९९८ साली तोंडी वाटप झालं होतं, तुम्हाला माहीत होतं ना, असं विचारलं. नव्हतं झालं. झालं असतं तर सातबारा, फेरफार कुठंतरी बोलला असता. विनीता शर्मा निकालातही तोंडी वाटपाची सबब सहजी मानायची नाही, भक्कम सरकारी कागदांचा आधार हवा, असं आहे. तीन दिवस सलग झाल्यामुळं माझं म्हणणं अखंड राहिलं. पूर्वीच्या चालीनं एक प्रश्न मार्चमध्ये आणि दुसरा जुलैमध्ये आला असता.

अडचण आली ती मे महिन्यात. मॅडमची बदली झाली. थोरला दादा २०१९ साली वारल्यावर वहिनी आणि तीन मुलांना वारस म्हणून लावायला चौदा महिने गेले होते, त्यापैकी एका भाच्याची साक्ष अजून व्हायची होती. नवीन साहेबांना फाईल पहिल्यापासून वाचायची होती. त्यांनी हायकोर्टाला पत्र पाठवून मुदतवाढ मागितली, चार महिने मिळाले. मला त्यांचा राग आला नाही. हजार पानांची फाईल होती. त्यांनी जुनं वेळापत्रक मोडलं नाही, फक्त पुढं सरकवलं. नोव्हेंबर २०२३ मध्ये, वाढीव मुदत संपायला अकरा दिवस असताना, निकाल लागला. चौघांना चौथा-चौथा हिस्सा. आदेशानंतरच्या काळातल्या तारखा वहीत ३७ आहेत, त्यातल्या २९ तारखांना प्रत्यक्ष काम झालं.

म्हणून हायकोर्टाच्या आदेशाला मी पाचपैकी चार देते. एक कापते तो पैशाचा, अंतराचा, आणि त्या व्हरांड्यातल्या आबांचा.

आबा म्हणजे माझ्यासारखेच एक वादी. वय चौऱ्याहत्तर. वहिवाटीच्या रस्त्याचा दावा, २००८ सालचा, म्हणजे माझ्याहून तीन वर्षं जुना. त्याच न्यायाधीशांपुढं. व्हरांड्यातल्या बाकावर आम्ही शेजारी बसायचो, ते पिशवीतून शेंगा काढून द्यायचे. माझ्या उलटतपासाच्या तीन दिवसांपैकी एक दिवस त्यांच्या साक्षीला नेमलेला होता. तो माझ्यात गेला. संध्याकाळी जिना उतरताना ते शांतपणे म्हणाले, “बाई, तुमची फाईल वर आली म्हणून आमची खाली गेली. तुमचा दोष नाही. पण झालं असं.” मला उत्तर सुचलं नाही. बसमध्येही सुचलं नाही.

२९ फेब्रुवारी २०२४ ला सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाचा निकाल आला, अलाहाबाद हायकोर्टाच्या बार असोसिएशनच्या प्रकरणात. तेव्हाचे सरन्यायाधीश धनंजय चंद्रचूड पीठावर होते आणि मुख्य निकालपत्र न्यायमूर्ती अभय ओक यांचं. स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप उठेल हा २०१८ चा नियम त्यांनी रद्द केला, हे सगळ्या पेपरांत आलं. पण मला महत्त्वाचं वाटलं ते दुसरं. घटनात्मक न्यायालयांनी एरवी दुसऱ्या कोर्टातल्या प्रकरणांना मुदत घालून देऊ नये, अपवादात्मक परिस्थितीतच द्यावी. कुठल्या प्रकरणाला प्राधान्य द्यायचं हे त्या-त्या कोर्टाला जास्त कळतं. कोणी वर धावत गेला एवढ्यानं त्याला रांग मोडून पुढं घेता येत नाही. मी हे वाचलं आणि आबांचं तोंड डोळ्यांसमोर आलं. पाच न्यायमूर्तींनी जे लिहिलं ते त्यांनी जिन्यावर एका वाक्यात सांगितलं होतं.

तरीही मी आणलेल्या आदेशाचा मला पश्चात्ताप नाही. अकरा वर्षं, आईचा मृत्यू, सर्वोच्च न्यायालयाची सहा महिन्यांची विनंती धूळ खात पडलेली, याला अपवादात्मक परिस्थिती म्हणायचं नाही तर कशाला म्हणायचं? पण आज कोणी विचारलं तर मी हायकोर्टाच्या आधी दुसरी पायरी सांगते. २० ऑक्टोबर २०२३ ला, आमच्या निकालाच्या महिनाभर आधी, यशपाल जैन विरुद्ध सुशीला देवी या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं खालच्या कोर्टांसाठी सविस्तर निर्देश दिले. ते प्रकरण १९८२ सालच्या एका दाव्यातून आलेलं होतं. कैफियतीची मुदत पाळा, साक्षीच्या तारखा वकिलांशी बोलून आधी ठरवा, सुनावणी शक्यतो सलग चालवा, मुदती यांत्रिकपणे देऊ नका, पाच वर्षांहून जुन्या प्रकरणांवर जिल्हा न्यायाधीशांनी आणि हायकोर्टाच्या समितीनं लक्ष ठेवावं. म्हणजे आमच्या मॅडमनी जे पान लिहिलं, ते मागायला आता मुंबईला जायची गरज नाही. त्याच कोर्टात अर्ज देता येतो. आणि तरीही वर जावंच लागलं, तर आमच्या बाजूच्या सहा जिल्ह्यांना १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच आहे. रात्रीची एसटी वाचली.

निकाल मिळाला म्हणजे जमीन मिळाली असं नव्हे, हेही सांगायला हवं, कारण बायका इथं फसतात. शेतजमिनीचं प्रत्यक्ष वाटप दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होतं. धाकट्या भावानं अपील केलं, स्थगिती मिळाली नाही. आम्ही फेब्रुवारी २०२४ मध्ये दरखास्त, म्हणजे निकालाची अंमलबजावणी करून मागणारा अर्ज, लावली. दरखास्ती सहा महिन्यांत संपवा, हे सर्वोच्च न्यायालयानं २०२१ च्या राहुल शहा प्रकरणात सांगितलेलं होतं. आमची सहा महिन्यांत नोटिशीच्या पुढं गेली नव्हती. मग ६ मार्च २०२५ ला पेरियाम्मल प्रकरणाचा निकाल आला. न्यायमूर्ती पारडीवाला आणि महादेवन यांनी सगळ्या हायकोर्टांना आपापल्या भागातल्या पडून असलेल्या दरखास्तींची माहिती गोळा करायला आणि त्या सहा महिन्यांत संपवायला सांगितलं. त्या ऑक्टोबरात आकडे बाहेर आले : देशभरात ८ लाख ८२ हजारांहून जास्त दरखास्ती प्रलंबित, आणि त्यातल्या सर्वाधिक, ३ लाख ४० हजारांच्या वर, आपल्या महाराष्ट्रात. हे वाचून मला वाईट वाटलं आणि जरा लाजही वाटली. पण या वेळी वरची सूचना खाली पोचलेली मी डोळ्यांनी बघितली. दर महिन्याला आकडे वर पाठवायचे असल्यामुळं दरखास्तीच्या तारखा पंधरा दिवसांवर आल्या आणि जून २०२५ मध्ये आमचे कागद जिल्हाधिकारी कार्यालयात गेले. २०२० ची विनंती आणि २०२५ चा आदेश यांत मला दिसलेला फरक एवढाच की दुसऱ्या वेळी कोणीतरी परत विचारणार होतं.

मोजणी झाली आहे. सरस-निरस मानानं, म्हणजे चांगली-हलकी जमीन बघून, वाटप करताना विहीर कोणाच्या हिश्श्यात आणि पाण्याच्या पाळ्या कशा, एवढंच आता उरलंय. मोजणीच्या दिवशी वहिनी बांधावर चहा घेऊन आली. आम्ही प्यालो. बोललो फारसं नाही.

आबांना मी माझ्या रोजनाम्यातल्या त्या वेळापत्रकाच्या पानाची झेरॉक्स दिली होती, यशपाल जैन निकालाची प्रतही दिली. त्यांनी आधी स्वतःच्या तारखा मोजल्या. त्यांच्या नातीनं वहीत लिहून दिल्या. मग त्यांच्या वकिलांनी त्याच कोर्टात अर्ज केला, दावा २००८ सालचा आहे, वादीचं वय झालं आहे, साक्षीच्या तारखा ठरवून द्याव्यात. पैसे लागले ते अर्जाच्या टायपिंगचे आणि झेरॉक्सचे. अर्ज मंजूर झाला. गेल्या सोमवारी त्यांचा फोन होता. सरतपासाचं शपथपत्र दाखल झालंय, उलटतपासाला पुढच्या महिन्यात दोन दिवस सलग दिलेत, आणि मला त्या दोन्ही दिवशी कोर्टात येऊन बसायला सांगितलंय.